वाट अडवणारा : कबड्डीतील मध्यरक्षकाची कारकीर्द

सांघिक खेळात गुणफलकावर ज्याचे नाव लागते तो खेळाडू आणि ज्याच्या खांद्याच्या जोरावर तो गुण मिळतो तो खेळाडू पुष्कळदा वेगळे असतात. परंतु या दुसऱ्या खेळाडूची कारकीर्द कशी घडते, किती टिकते आणि तिचे मोल कोण ठरवते, याचा विचार खेळावरच्या लेखनात फारसा होत नाही. अमेरिकन फुटबॉलमध्ये अशा खेळाडूसाठी एक स्वतंत्र जागाच ठरलेली आहे व तिला फुलबॅक म्हणतात. महाराष्ट्रात तिच्या सर्वांत जवळची जागा शोधायची झाली तर ती कबड्डीच्या मैदानात, मध्यरक्षकाच्या रूपात सापडते, ज्याला खेळाडू आणि प्रशिक्षक रोजच्या बोलण्यात सरळ ‘कव्हर’ म्हणतात. फुलबॅक आपल्या सहकाऱ्यासाठी वाट मोकळी करतो आणि कव्हर प्रतिस्पर्ध्याची वाट बंद करतो, एवढा फरक सोडला तर दोघांचे काम एकाच जातीचे आहे: अंग मध्ये घालायचे, आणि श्रेय दुसऱ्याच्या खात्यावर जमा होताना पाहायचे.

अशी कारकीर्द जिथे घडते त्या पुणे जिल्ह्यातील एका भागापासून सुरुवात करू. पुणे–अहिल्यानगर महामार्गावर कोरेगाव भीमा आणि शिक्रापूर यांच्या दरम्यान वसलेले सणसवाडी हे शिरूर तालुक्यातील गाव आज कारखान्यांसाठी ओळखले जाते, आणि या पट्ट्यात शेतकरी कुटुंबातील मुलगा, परगावाहून आलेला कंत्राटी कामगार व पोलीस भरतीच्या तयारीत पहाटे धावणारा उमेदवार हे तिघेही एकाच रस्त्याच्या कडेला दिसतात. शिरूर आणि दौंड तालुक्यांतील गावोगावच्या जत्रांत कुस्तीचा आखाडा आणि कबड्डीचे मैदान यांना जे स्थान आहे ते दूरचित्रवाणीवरच्या प्रो कबड्डी लीगने निर्माण केलेले नाही; लीगने फक्त त्या मैदानावरच्या सात जागांना सात वेगळ्या किमती लावल्या. म्हणून कव्हरची कारकीर्द समजून घेण्यासाठी आधी त्या सात जागा आणि त्यांच्यामधले अंतर समजून घेणे आवश्यक ठरते.

पुरुषांच्या कबड्डीचे मैदान १३ मीटर लांब आणि १० मीटर रुंद असते व मध्यरेषा त्याचे साडेसहा मीटरचे दोन भाग करते. मध्यरेषेपासून पावणेचार मीटरवर निदान रेषा असते, जी चढाई करणाऱ्याला निदान एकदा ओलांडावी लागते, आणि तिच्यापुढे एक मीटरवर बोनस रेषा असते, जिचा गुण बचाव करणारे सहा किंवा अधिक खेळाडू मैदानात असतानाच मिळतो. दोन्ही बाजूंना एकेक मीटरचे राखीव क्षेत्र, म्हणजे लॉबी, असते. चढाईपटू आणि बचावपटू यांचा स्पर्श किंवा झटापट झाल्यावरच ती खेळात धरली जाते. याचा अर्थ असा की चढाईपटूला पकडायचे असेल तर त्याला परतीचे साधारण चार मीटर कापू द्यायचे नाहीत, आणि हे चार मीटर एखादा चपळ खेळाडू दोन ढांगांत व एका झेपेत कापतो.

बचाव करणारे सात जण चढाईपटूभोवती कमान करून उभे राहतात. कमानीच्या दोन टोकांना कोपरारक्षक, त्यांच्या शेजारी दोन ‘इन’, त्यांच्या आत दोन मध्यरक्षक आणि अगदी मध्यभागी एक खेळाडू, अशी ही रचना असते व शेजारचे खेळाडू एकमेकांचा हात धरून साखळी करतात. कोपरारक्षकाचे काम डोळ्यांत भरणारे आहे: तो चढाईपटूचा पुढे आलेला पाय हेरतो, जमिनीलगत झेप घेतो आणि घोटा धरतो. प्रेक्षकांना आठवते ती ही झेप, आणि छायाचित्रकाराला मिळते तीही हीच. पण घोटा धरला म्हणजे पकड झाली असे नसते, कारण धरलेल्या पायासकट मध्यरेषेकडे अंग फेकून नुसते बोटाचे टोक जरी रेषेला लागले तरी चढाईपटू सुटतो, आणि तो सुटला की त्याला हात लावलेले सगळे बचावपटू बाद होतात. घोटा धरणे आणि बोट रेषेला लागणे यांच्यामध्ये जो अर्धा–पाऊण सेकंद असतो, तो कव्हरचा असतो.

चढाईपटू डाव्या कोपऱ्याकडे वळला की त्याची पाठ उजव्या मध्यरक्षकाकडे होते आणि त्याच क्षणी उजव्या मध्यरक्षकाचे काम सुरू होते. तो चढाईपटूकडे धावत नाही. चढाईपटू आता जिथे आहे त्या जागी जाणे ही नवख्याची चूक आहे. तो चढाईपटू आणि मध्यरेषा यांच्यामधल्या जागेकडे तिरका सरकतो, गुडघे वाकवून कंबर खाली आणतो, आणि झेप घेणारे अंग आपल्या छातीवर घेतो. याला ‘ब्लॉक’ म्हणतात. चढाईपटू बाजूच्या रेषेजवळ असेल तर तोच मध्यरक्षक खांदा लावून त्याला मैदानाबाहेर लोटतो. त्याला ‘डॅश’ म्हणतात, मराठीत सरळ धडक. दोन्ही क्रियांत पकडण्याचे कौशल्य कमी आणि स्वतःचे वजन नेमक्या वेळी नेमक्या जागी आणून ठेवण्याचे कौशल्य अधिक लागते. साखळीतला हात कधी सोडायचा हाही याच कौशल्याचा भाग आहे: अर्धा क्षण आधी सुटला तर कमानीला भगदाड पडते, अर्धा क्षण उशिरा सुटला तर शेजारी ओढला जातो, आणि म्हणून जुने प्रशिक्षक मुलांना बोटांत बोटे गुंतवू देत नाहीत, मनगट धरायला लावतात, कारण गुंतलेली बोटे झटापटीत सुटत नाहीत, मोडतात.

या जागेचे खरे मर्म मात्र अडवण्यापेक्षा न अडवण्यात आहे. वर सांगितलेला नियम, म्हणजे सुटणाऱ्या चढाईपटूला ज्यांचा हात लागला ते सगळे बाद, हा मदतीवर लावलेला एक प्रकारचा दंडच आहे. कोपरारक्षकाची पकड पक्की बसली असेल आणि कव्हर गेला नाही तर हातातला गुण जातो. पकड कच्ची असेल आणि कव्हर मदतीला धावला तर एकाऐवजी दोघे बाद होतात. बाहेरून पाहणाऱ्या गर्दीला हा हिशोब दिसत नाही. तिला मदतीला न गेलेला खेळाडू भित्रा वाटतो आणि कच्च्या पकडीवर अंग टाकून स्वतः बाद झालेला खेळाडू शूर वाटतो. जाणत्या प्रशिक्षकाचे मत बहुधा याच्या उलट असते. ‘उगाच गेला’ हे दोन शब्द कव्हरच्या वाट्याला इतर कोणाहीपेक्षा जास्त वेळा येतात. सोबतच्या कोपरारक्षकाची सवय, त्याच्या पकडीची ताकद, आज त्याचा खांदा दुखतो आहे की नाही, समोरच्या चढाईपटूची आवडती सुटका कोणत्या बाजूने आहे, एवढ्या गोष्टी ज्याला पाठ असतात तोच अर्ध्या सेकंदात हा निर्णय घेऊ शकतो, आणि म्हणूनच चांगला चढाईपटू एकोणिसाव्या वर्षी चमकू शकतो, तर कव्हर पंचविशीच्या आसपास कुठे पिकतो, असे म्हणण्यास जागा आहे.

आता श्रेयाचा भाग. पकडीचा गुण एकाच खेळाडूच्या नावावर लागतो, आणि तो बहुतेक वेळा ज्याने पकडीला सुरुवात केली त्याचा असतो. कव्हरने स्वतः धडक मारली किंवा पहिला हात घातला तर गुण त्याचा. पण त्याच्या कामाचा मोठा भाग दुसऱ्याने सुरू केलेली पकड पूर्ण करण्याचा असल्याने ती पकड दुसऱ्याच्या खात्यात जाते. गावोगावच्या स्पर्धांतील वैयक्तिक बक्षिसांकडे पाहिले तरी हेच दिसते: उत्कृष्ट चढाई, उत्कृष्ट पकड आणि अष्टपैलू खेळाडू अशी तीन बक्षिसे ठरलेली असतात, ती देणारे दानशूरही ठरलेले असतात, आणि साखळी शाबूत ठेवणाऱ्यासाठी चौथे बक्षीस ठेवावे असे सहसा कोणाला सुचत नाही. यात अन्याय आहे असे म्हणण्यापेक्षा मोजण्याच्या पद्धतीची मर्यादा आहे असे म्हणणे योग्य होईल, कारण न घडलेली सुटका मोजायची कशी, हा प्रश्न कोणत्याही खेळाला पुरता सुटलेला नाही.

अमेरिकन फुटबॉलने तो वेगळ्या वाटेने सोडवण्याचा प्रयत्न केला, आणि त्या वाटेचा शेवट उद्बोधक आहे. त्या खेळात चेंडू असलेल्या संघाला चार प्रयत्नांत १० यार्ड, म्हणजे सुमारे नऊ मीटर, पुढे सरकावे लागते. तेवढे सरकले की पुन्हा चार प्रयत्न मिळतात. चेंडू हातात घेऊन धावणाऱ्याला रनिंग बॅक म्हणतात, आणि त्याच्या दोन-तीन पावले पुढे उभा राहून, चेंडू सुटताच फळीतल्या भगदाडात आधी घुसून समोरून येणाऱ्या बचावपटूवर आदळणारा खेळाडू म्हणजे अडथळे उडवणारा फुलबॅक. सॉकरमधल्या फुलबॅकशी त्याचा नावापलीकडे काही संबंध नाही. विशेष म्हणजे हे नाव पूर्वी त्या खेळातील सर्वांत मानाच्या धावपटूला लावले जाई: क्लीव्हलँड ब्राउन्सचा जिम ब्राउन १९५७ ते १९६५ या नऊ हंगामांत फुलबॅक म्हणूनच खेळला, १२,३१२ यार्ड धावला आणि त्यांपैकी आठ हंगामांत लीगमध्ये सर्वाधिक धावणारा ठरला. पुढे धावण्याचे काम मागच्या खेळाडूकडे गेले, फुलबॅककडे त्याच्यापुढे आदळण्याचे काम उरले, आणि नाव मात्र तेच राहिले, जसे जहागिरी गेल्यावरही आडनाव राहते.

या कामाचा सर्वांत ठळक नमुना लोरेन्झो नील हा आहे. १९९३ मध्ये न्यू ऑर्लिन्स सेंट्सने त्याला घेतले आणि तो २००८ पर्यंत, म्हणजे सोळा हंगाम, खेळला. जेथे साध्या खेळाडूची कारकीर्द तीन-चार वर्षांत आटोपते तेथे ही मजल असामान्य आहे. १९९७ ते २००७ या सलग अकरा हंगामांत त्याच्या मागून धावणाऱ्या खेळाडूने हजार यार्डांचा टप्पा ओलांडला, आणि हे धावपटू एकच नव्हते, संघही एकच नव्हता: न्यू यॉर्कमध्ये एड्रियन म्युरेल, टँपामध्ये वॉरिक डन, टेनेसीत एडी जॉर्ज, सिनसिनाटीत कोरी डिलन आणि सॅन डिएगोमध्ये लाडेनियन टॉम्लिन्सन. टॉम्लिन्सनने २००६ मध्ये एकाच हंगामात ३१ टचडाउन करून विक्रम केला तेव्हा त्याच्या पुढे नीलच होता. धावपटू बदलत गेले, पुढचा माणूस तोच राहिला आणि आकडा हजाराच्या वरच राहिला. अडवणाऱ्याचे मोल मोजण्याची याहून सरळ रीत सापडणे अवघड आहे, पण ती सापडायला अकरा वर्षे आणि पाच धावपटू लागले. त्याच्या काही वर्षे आधी आलेला डॅलस काउबॉइजचा डॅरिल जॉन्स्टन हा एमिट स्मिथच्या पुढे असाच आदळत राहिला. १९९३ च्या हंगामानंतर लीगच्या मानाच्या सामन्यासाठी फुलबॅकची वेगळी जागा निर्माण झाली ती मुख्यतः त्याच्यासारख्यांमुळे, आणि मानेच्या दुखापतीने त्याची कारकीर्द १९९९ मध्ये संपली. स्मिथने धावण्याचा १८,३५५ यार्डांचा विक्रम केला. २०१० मध्ये त्याला सन्मानदालनात प्रवेश मिळाला त्या समारंभात त्याने भर सभेत जॉन्स्टनचे आभार मानले आणि तेव्हा त्याला रडू आवरले नाही.

तरीही आज त्या लीगमधील अनेक संघांत फुलबॅकच नाही. त्याचे कारण भावनेत नाही, बेरीज-वजाबाकीत आहे. मैदानात अकरा खेळाडू. त्यांतले पाच फळीत, एक चेंडू फेकणारा. उरलेल्या पाच जागांत धावणारे, झेलणारे आणि अडवणारे बसवायचे. चेंडू फेकून पुढे सरकणे जसजसे किफायतशीर होत गेले तसतशी फुलबॅकची जागा तिसऱ्या झेलणाऱ्याला मिळत गेली. जे टिकले ते अडवण्याबरोबर झेलूही शकतात म्हणून टिकले: हार्वर्डमध्ये शिकलेल्या काइल युसचेकशी २०१७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या संघाने चार वर्षांसाठी २ कोटी १० लाख डॉलरचा करार केला, तो निव्वळ आदळण्यासाठी नव्हता. हा खेळ पुण्यातही रुजवण्याचा एक प्रयत्न झाला होता. २०११ मध्ये एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडिया जाहीर झाली, तिला माइक डिटका आणि कर्ट वॉर्नर यांच्यासारख्या नामवंत अमेरिकन फुटबॉलपटूंचे पाठबळ होते, आणि तिच्यातील एका संघाचे नाव पुणे मराठाज असे होते. लीग रुजली नाही, आणि त्यात नवल नाही: अंग मध्ये घालून अडवण्याचा खेळ ज्या मातीत आधीच पिढ्यान्‌पिढ्या खेळला जातो तेथे त्यासाठी शिरस्त्राण घालायला कोण तयार होणार?

कबड्डीतला कव्हर मात्र फुलबॅकसारखा नाहीसा होऊ शकत नाही, आणि दोन्ही खेळांतला हा फरक मूलभूत आहे. कबड्डीत मैदानावरच्या सातही जणांना बचाव करावाच लागतो. चढाईपटूही आपली चढाई संपवून परतला की कमानीत कुठेतरी उभा राहतो, आणि तो बहुधा ‘इन’च्या किंवा मध्यभागीच्या जागी असतो, कारण तिथे त्याच्या हातून होणारे नुकसान कमी. त्यामुळे दोन कोपरे आणि दोन कव्हर या चार जागा खऱ्या बचावपटूंच्या असतात व त्या काढून तिथे दुसरे काही बसवता येत नाही. उलट नव्या नियमांनी कव्हरची गरज वाढवली आहे. चढाईला ३० सेकंदांची मर्यादा आहे, आणि प्रो कबड्डी लीगमध्ये लागोपाठ दोन चढायांत गुण मिळाला नाही तर तिसऱ्या चढाईत गुण मिळवावाच लागतो, नाही तर चढाईपटू बाद होतो. अशा ‘करो वा मरो’ चढाईत चढाईपटूला कमानीच्या आत खोल यावे लागते, म्हणजे कव्हरच्या हद्दीत यावे लागते. बचावात तीन किंवा त्याहून कमी खेळाडू उरले असताना केलेल्या पकडीला एक जादा गुण मिळतो व तिला अव्वल पकड म्हणतात; तीन माणसांच्या त्या विस्कटलेल्या कमानीत कोपरा आणि कव्हर यांची एक जोडी जरी शाबूत असली तरी डाव उलटतो.

वजनाचा मुद्दाही येथेच सांगायला हवा. नील सुमारे ११५ किलोचा होता, आणि फुलबॅकला जेवढे अंग तेवढे चांगले. कबड्डीत पुरुषांच्या वरिष्ठ गटाला ८५ किलोची मर्यादा असते. त्यामुळे कव्हरला वजन वाढवून प्रश्न सोडवता येत नाही. धिप्पाड चढाईपटूलाही तेवढ्याच वजनाच्या अंगाने अडवायचे असल्यामुळे उंची, कंबर खाली ठेवण्याची सवय आणि वेळ साधणे यांवरच सारी भिस्त राहते, आणि स्पर्धेच्या आदल्या दिवशी जेवण टाळून, घाम गाळून काट्यावर ८५ च्या आत बसणे हा या कारकिर्दीचा फारसा न बोलला जाणारा भाग होऊन बसतो.

महाराष्ट्रातील कारकिर्दीची चढण ठरीव आहे. मुलगा गावाच्या मंडळाकडून किशोर गटात खेळतो, मग कुमार गटात. जिल्ह्याच्या अजिंक्यपद स्पर्धेतून निवड चाचणीला जातो, जिल्ह्याच्या संघातून राज्य स्पर्धेत उतरतो आणि तिथून थोडेच जण महाराष्ट्राच्या संघात पोहोचतात. या प्रवासात मुले बहुधा चढाईपटू म्हणूनच सुरुवात करतात, कारण गल्लीतल्या खेळात चढाई करणाराच राजा असतो. कव्हर ही जागा मागून घेतली जात नाही, ती प्रशिक्षक देतात, आणि ज्याचे पाय संथ पण डोके थंड आहे अशा मुलाला ती मिळते. शिरूर, दौंड या भागांत सराव अजूनही बव्हंशी मातीवर होतो व मोठ्या स्पर्धा मॅटवर होतात, आणि हा बदल चढाईपटूपेक्षा कव्हरला जड जातो: मातीत पाय रुततो आणि धडक मारताना जमीन साथ देते, मॅटवर बूट घट्ट बसतो पण गुडघा वळताना पाऊल वळत नाही, आणि गुडघ्याच्या अस्थिबंधाला होणाऱ्या इजांचे एक मोठे कारण तेच असते.

या चढणीच्या प्रत्येक पायरीवर खेळाडूच्या घरचा प्रश्न एकच असतो, नोकरीचा. लीग येण्याआधी कित्येक दशके महाराष्ट्राच्या कबड्डीचा आर्थिक कणा नोकरी हाच होता आणि बहुसंख्य खेळाडूंसाठी तो आजही तोच आहे: रेल्वे, बँका, पोलीस, सार्वजनिक कंपन्या आणि मोठे कारखाने आपापले संघ बाळगत आणि राज्यातल्या स्पर्धांत त्यांचा वेगळा व्यावसायिक गट असे. राज्य शासनाच्या नोकऱ्यांत गुणवंत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे, आणि त्यासाठी प्रमाणपत्र लागते ते स्पर्धेतील स्थानाचे, वैयक्तिक गुणांचे नव्हे. येथे कव्हरला एक अनपेक्षित न्याय मिळतो. लीगच्या लिलावात ज्याला चढाईपटूच्या मानाने थोडके मिळते, त्याला विजेत्या संघाचे प्रमाणपत्र मात्र चढाईपटूइतकेच जाड कागदावर मिळते. दौंडला राज्य राखीव पोलीस दलाचे गट क्रमांक ५ आणि ७ आहेत, आणि त्या तालुक्यातील मुलाला मैदान, वर्दी आणि पगार या तिन्ही गोष्टी एकाच आवाराशी जोडलेल्या लहानपणापासून दिसतात. सणसवाडीच्या बाजूला कारखान्यांचा पट्टा आहे. तेथे नोकरी मिळाली तर खेळ पाळ्यांच्या वेळापत्रकात बसवावा लागतो, आणि महाराष्ट्र कामगार कल्याण मंडळाच्या कबड्डी स्पर्धा हे अशा कामगार-खेळाडूचे वर्षातले मोठे मैदान ठरते. रात्रपाळी करून आलेला माणूस संध्याकाळी चढाईला कमी पडतो, पण कमानीत उभा राहू शकतो. कामगारांच्या संघांत अनुभवी कव्हर अधिक काळ टिकलेले दिसतात त्याचे एक साधे कारण हेही असावे.

२०१४ मध्ये प्रो कबड्डी लीग सुरू झाली आणि हिशोब बदलला. पहिल्या लिलावात सर्वांत महागडा ठरलेल्या राकेश कुमारला पटना पायरेट्सने १२ लाख ८० हजार रुपयांना घेतले होते. दहाव्या हंगामाच्या लिलावात पवन सेहरावतची किंमत २ कोटी ६० लाख ५० हजारांवर गेली. लिलावात कोटीचा आकडा गाठणारा पहिला खेळाडू मात्र चढाईपटू नव्हता. २०१८ मध्ये यू मुंबाने इराणच्या फजल अत्राचलीला एक कोटीला घेतले, आणि तो डावा कोपरारक्षक होता. बचावाला किंमत आहे, हे यावरून सिद्ध झाले; कोणत्या बचावाला आहे हेही झाले. दहाव्या हंगामात पुणेरी पलटणने महंमदरजा चियानेह या दुसऱ्या इराणी कोपरारक्षकासाठी २ कोटी ३५ लाख रुपये मोजले, जेव्हा प्रत्येक संघाला खर्चाची एकूण मर्यादा पाच कोटींची होती आणि खेळाडूंच्या मूळ किमती गटानुसार ९ लाखांपासून ३० लाखांपर्यंत होत्या. एका कोपऱ्यावर जवळजवळ निम्मी थैली रिकामी झाल्यावर उरलेल्यांत संपूर्ण संघ बसवायचा असतो, आणि अशा वेळी काटकसर सर्वांत आधी कुठे होते हे सांगायला अर्थशास्त्र लागत नाही.

तरी विजेते संघ पाहिले की दोन्ही कव्हर भक्कम असल्याचे वारंवार आढळते. यू मुंबाने २०१५ मध्ये बेंगळुरू बुल्सला ३६–३० असे हरवून विजेतेपद मिळवले तेव्हा कर्णधार अनुप कुमारचे नाव सर्वतोमुखी झाले, कोपऱ्यांवर मोहित छिल्लर आणि सुरेंदर नाडा ही हरयाणाची जोडी गाजली, आणि त्यांच्या आत जीवा कुमार व मुंबईचा विशाल माने हे दोन कव्हर उभे होते. माने हा या जागेचा मराठी नमुना म्हणता येईल: उंच, रुंद छातीचा, झेपेपेक्षा ब्लॉकवर विसंबणारा. पुढे २०१७ मध्ये विजेतेपद मिळवणाऱ्या पटना पायरेट्सच्या संघात तो होता, जेव्हा सारे लक्ष परदीप नरवालच्या विक्रमी चढायांवर खिळले होते, आणि २०१९ मध्ये अंतिम फेरी गाठणाऱ्या दबंग दिल्लीच्या संघातही तो होता. तीन शहरांचे तीन संघ, तिन्ही संघांबरोबर अंतिम फेरी आणि दोन विजेतेपदे. नीलच्या अकरा हंगामांशी तुलना करण्याचे कारण नाही, परंतु संघ बदलला तरी यश मागोमाग येते ही खूण दोघांत सारखी आहे.

पुणेरी पलटणचे विजेतेपद तर या भागाच्या अधिक जवळचे. १ मार्च २०२४ रोजी हैदराबादला झालेल्या अंतिम सामन्यात पलटणने हरयाणा स्टीलर्सला २८–२५ असे हरवले; साखळी फेरीतील २२ सामन्यांपैकी हा संघ केवळ दोन हरला होता. कर्णधार अस्लम इनामदार हा अहिल्यानगर जिल्ह्यातला, म्हणजे सणसवाडीवरून जाणारा महामार्ग ज्या जिल्ह्यात पोहोचतो तिथला. अंतिम सामना गाजला तो पंकज मोहितेच्या एकाच चढाईतील चार गुणांनी, आणि हंगामातला सर्वोत्तम बचावपटू चियानेह ठरला. संकेत सावंत हा डावा आणि अबिनेश नादराजन हा उजवा मध्यरक्षक, ही जोडी या हंगामात चियानेह आणि गौरव खत्री या कोपऱ्यांच्या आत उभी होती. संपूर्ण सामन्यात ५३ गुण झाले, आणि इतक्या कमी गुणांचा अंतिम सामना हा मुळातच बचावाचा सामना असतो. तीन गुणांच्या फरकात एक न सुटलेला चढाईपटू किती भारी पडतो, हे कोष्टकात शोधून सापडत नाही.

अशा कारकिर्दीचा उतार लवकर सुरू होतो आणि सावकाश संपतो. खांदा हा पहिला जातो, कारण धडक नेहमी एकाच बाजूने मारलेली असते: उजव्या कव्हरचा एक खांदा आणि डाव्याचा दुसरा, इतके ते ठरलेले आहे की जुन्या खेळाडूचा कोणता हात डोक्याच्या वर पूर्ण जात नाही हे पाहून तो कोणत्या बाजूला खेळायचा हे ओळखता येते. लीगचे करार तिशीनंतर आटतात. नोकरी असलेला खेळाडू खात्याच्या संघातून आणखी काही वर्षे खेळतो, मग पंच होतो, प्रशिक्षक होतो किंवा गावाच्या मंडळाकडे परत येतो, आणि तिथे त्याला पुन्हा तीच जागा मिळते, कारण गावाच्या संघात चढाईला वीस वर्षांची मुले भरपूर असतात, कमान धरणारा मात्र कोणी नसतो. संध्याकाळी कारखान्याचा भोंगा झाल्यावर मैदानावर पाणी शिंपडले जाते, चुन्याने रेषा ओढल्या जातात, आणि तो पोरांना रांगेत उभे करून एकमेकांची बोटे सोडायला आणि मनगटे धरायला सांगतो.